थिओ लिंगेन : जर्मन ऐकायच्या सरावासाठी कसा वाटला (काही महिने वापरून)

कोर्सबरोबरचे ऑडिओ ऐकून झोप यायला लागली म्हणून गेले काही महिने थिओ लिंगेन या जर्मन विनोदी नटाचे जुने ब्लॅक अँड व्हाइट सिनेमे लावतोय. पैसा वसूल, पण सरसकट नाही.

मुख्य माल म्हणजे आवाज. किरटा, नाकातला, पण शब्दाच्या शेवटचा त आणि क असा ठोकून म्हणतो की सबटायटल्स नसली तरी शब्द कुठं संपला ते कळतं. मधोमध भांग, चापून बसवलेले केस, ताठ मान, आणि चेहरा कायम कुणीतरी अपमान केल्यासारखा. रोल बहुतेक बटलर नाहीतर तसलंच कुणीतरी शिष्ट. १९४२ च्या 'वीनर ब्लुट'मध्ये हा आणि हान्स मोझर दोघंही नोकर आहेत, मोझर अस्सल व्हिएन्नाचा, तोंडातल्या तोंडात पुटपुटणारा, त्याचं निम्मं मला अजून कळत नाही. लिंगेनची वाक्यं मात्र स्पीड ०.७५ वर टाकली की सरळ वहीत उतरवता येतात. मजा दोघांच्या खटक्यांत आहे, अभ्यासाला हा एकटाच.

पण नुसता कानाला म्हणून घेतलेला हा माणूस पुढे फारच वेगळा निघाला. जन्म १९०३, हॅनोव्हर, खरं आडनाव श्मिट्झ, लिंगेन हे वडिलांच्या जन्मगावाचं नाव. १९२९ ला बाडेन-बाडेनमध्ये नाटककार ब्रेश्टच्या एका प्रयोगात हा विदूषक झाला होता आणि स्टेजवर त्याचे हातपाय एकेक करून करवतीने कापतात, लोक भयंकर बिथरले होते म्हणे! १९३१ मध्ये दिग्दर्शक फ्रिट्झ लांगच्या 'एम' या सिनेमातही छोट्या रोलमध्ये दिसतो. बायको मारियाने झोफ ही ब्रेश्टची आधीची बायको, आणि नाझी कायद्याच्या हिशोबाने अर्धी ज्यू. त्यामुळे हिटलरच्या काळात काम करायला त्याला प्रचारमंत्री गोबेल्सची स्पेशल परवानगी लागत होती, म्हणजे पडद्यावर मालकापुढे झुकणारा नोकर करायचा आणि घरचं सगळं कुणाच्या तरी मर्जीवर. हे कळल्यापासून त्या काळातल्या कॉमेड्या मी नुसत्या टाइमपास म्हणून बघत नाही, आणि तो सहन करून हसवत होता की सोयीने गप्प होता हे माझं अजून ठरत नाहीये. युद्धानंतर गडी ऑस्ट्रियन नागरिक झाला, १९४८ पासून व्हिएन्नाच्या बुर्गथिएटर या नाट्यगृहात.

१९६८ ते ७२ मधले शाळेवरचे रंगीत सिनेमे, ज्यात तो मुलांनी पिडलेला मुख्याध्यापक डॉ. टाफ्ट आहे, ते माझ्या मते सोडून द्या. आवाज तोच, पण जोक पाचवी-सहावीतल्या पोरांचे, आणि बाकीचे सगळे एकदम ओरडत असतात त्यामुळे सरावालाही काही कामाचे नाहीत.

जर्मनची बी१ (मधली) पातळी झाली असेल तर 'वीनर ब्लुट'पासून सुरू करा, त्याआधी वैतागाल. आणि हेडफोन लावा, घरच्यांना तो आवाज झेपत नाही.