जुना थिंकपॅड टी४८०: मशीन दणकट, थंडरबोल्टकडे मात्र बघून घ्या

कोल्हापूरच्या राजारामपुरी-शाहूपुरीतल्या दुकानांत कंपन्यांतून उतरलेला लेनोवोचा हा लॅपटॉप, टी४८०, अजूनही चांगला सौदा आहे. कीबोर्ड झकास, रॅम वाढवता येते, मागची बॅटरी मशीन चालू असताना बदलता येते, आणि ८व्या पिढीचा प्रोसेसर असेल तर विंडोज ११ रीतसर चालतं. टॅली आणि जीएसटी रिटर्नला एवढं पुष्कळ झालं.

शिरोली किंवा गोकुळ शिरगावच्या फौंड्रीची ड्रॉइंग घेऊन फिरायचं असेल, तर गोष्ट वेगळी. डाव्या बाजूच्या थंडरबोल्ट ३ पोर्टमधून थेट पीसीआय एक्स्प्रेस (मशीनच्या आतली कार्डं जोडायची वाट) बाहेर येतं. तिथे जोडलेलं कार्ड प्रोसेसरला न विचारता रॅम वाचू-लिहू शकतं, यालाच डीएमए म्हणतात. अशी रॅम वाचणारं पीसीआयलीच हे मोफत टूल २०१६ पासून उपलब्ध आहे, सोबत फक्त एफपीजीए बोर्ड (हवं तसं प्रोग्रॅम करता येणाऱ्या चिपचा) लागतो. स्क्रीन लॉक असली तरी बिटलॉकरची (विंडोजचं डिस्कवरचं कुलूप) किल्ली रॅममध्येच असते, म्हणजे ती चोराच्या हाती लागू शकते.

यापासून वाचवणारं कर्नल डीएमए प्रोटेक्शन विंडोज १० च्या १८०३ आवृत्तीत आलं, पण त्याला फर्मवेअरची (मशीनच्या चिपमध्येच बसवलेल्या सॉफ्टवेअरची) साथ लागते. लेनोवोने ती २०१९ च्या मॉडेलांपासून दिली. टी४८० आहे २०१८ चा. त्यामुळे दुकानदाराच्या ‘फ्रेश विंडोज मारून देतो’ याने काडीचा फरक पडत नाही. एमएसइन्फो३२ (विंडोजमधली सिस्टिमची माहिती) उघडून कर्नल डीएमए प्रोटेक्शनची ओळ काउंटरवरच वाचा.

घेतलाच तर बायोसमध्ये (विंडोजच्या आधी उघडणारी मशीनची सेटिंग) थंडरबोल्टची सिक्युरिटी लेव्हल ‘डिस्प्ले पोर्ट अँड यूएसबी’ करा. मॉनिटर आणि साधा यूएसबी-सी डॉक चालतो, थंडरबोल्ट डॉक मात्र बंद पडतो. पण २०२० च्या थंडरस्पाय संशोधनाने दाखवलं, की खालचं झाकण उघडून थंडरबोल्ट कंट्रोलर चिपचं फर्मवेअर बदललं की ही लेव्हलही उडते. काम पाचेक मिनिटांचं. म्हणून बायोसमधलं बॉटम कव्हर टँपर डिटेक्शन (खालचं झाकण उघडल्याचं ओळखणारी सोय) चालू ठेवा. सुपरवायझर पासवर्ड (बायोसच्या सेटिंगचं कुलूप) नसेल तर ते नुसतं शोभेचं.

बिटलॉकरला टीपीएमसोबत (किल्ली सांभाळणारी चिप) पिन लावा (विंडोज प्रो हवं, होममध्ये जमत नाही) आणि झाकण मिटल्यावर स्लीपऐवजी हायबरनेट (रॅम रिकामी करून मशीन बंद) होईल असं ठेवा. विंडोजच्या ग्रुप पॉलिसी सेटिंगमध्ये, मशीन लॉक असताना नवी डीएमए उपकरणं बंद ठेवण्याचा पर्याय आहे. तो अशा जुन्या मशीनसाठीच आहे, तोही लावा.

पैसे देण्याआधी एफ१ दाबून बायोसमध्ये सेटिंग बदलता येतात का बघा. आधीच्या कंपनीचा सुपरवायझर पासवर्ड राहिला असेल तर लेनोवोच्या हिशेबी उपाय एकच, मदरबोर्ड बदलणं. तसलं मशीन स्वस्तातही नको.