नऊ महिन्यांचं वर्ष: आठ महिने वापरल्यानंतर

आमच्या पाच जणांच्या रोल-प्लेइंग खेळासाठी मी एक काल्पनिक जग रचलं आणि त्याच जगात एक कादंबरीही लिहायला घेतली. दोन्हींसाठी एकच दिनदर्शिका आखली. ती कागदावर छान दिसत होती, पण रोजच्या वापरात कुठे टिकली आणि कुठे मोडली ते इथे सांगतो. असं काही करू पाहणाऱ्यांना उपयोग होईल.

रचना अशी: वर्ष ३७८ दिवसांचं, ४२ दिवसांचे ९ महिने, सहा दिवसांचा आठवडा. दर तिसऱ्या वर्षाच्या शेवटी एक जादा दिवस, आणि त्याला वार नाही. चंद्र एकच, पौर्णिमा दर ४० दिवसांनी. दिवस आपल्यासारखाच २४ तासांचा.

सगळ्यात चांगलं चाललं ते वारांचं गणित. महिन्यात बरोबर सात आठवडे बसतात, त्यामुळे अमुक तारखेला अमुक वार हे कायमचं ठरलेलं. ही कल्पना माझी नव्हे. कोडॅक कंपनीने १९२८ ते १९८९ या काळात अंतर्गत कामासाठी २८ दिवसांचे १३ महिने असलेली दिनदर्शिका वापरली होती, आणि तिच्यातही बिनवाराचा दिवस होता. खेळताना ही सोय फार जाणवते. ‘बाजार कधी?’ असं कुणी विचारलं की कुणालाही वही उघडावी लागत नाही.

आठवडा मी आधी दहा दिवसांचा ठेवला होता, फ्रेंच राज्यक्रांतीच्या दिनदर्शिकेसारखा. ती १७९३ ते १८०५ एवढीच चालली. दहा दिवसांनी एक सुट्टी हे माणसाच्या अंगावर येतं, ते मला पात्रं लिहिताना कळलं. सगळी सारखी दमलेली वाटायची. सहावर आलो आणि प्रसंगांना श्वास मिळाला.

चंद्राने मात्र घाम काढला. पहिल्या मसुद्यात त्याची फेरीही ४२ दिवसांची होती. दर महिन्याच्या एक तारखेला अमावास्या, आणि चार खेळांतच ते आकाश मेल्यासारखं वाटायला लागलं. खऱ्या आकाशात असं काही जुळत नाही. चंद्राची फेरी सरासरी २९.५३ दिवसांची, वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं, बारा चांद्रमास ३५४ दिवसांत संपतात आणि जवळजवळ ११ दिवस उरतात. आपल्या पंचांगाने त्यासाठी अधिक महिना घेतला. इस्लामी दिनदर्शिकेने ते दिवस तसेच सोडले, म्हणून तिचे महिने साधारण ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून येतात. एका फरकातून दोन वेगळ्या परंपरा उभ्या राहिल्या. मग मीही फेरी ४० दिवसांची केली. आता पौर्णिमा दर महिन्याला दोन दिवस अलीकडे सरकते आणि २० महिन्यांत २१ फेऱ्या पुऱ्या होतात. मध्ये जादा दिवस आला की तेही चुकतं.

इथेच मी फसलो. तारखा नुसत्या ‘महिना-दिवस’ अशा लिहून ठेवल्या होत्या, जादा दिवस मोजायचा राहिला आणि कादंबरीतल्या तीन प्रकरणांतला चंद्र चुकला. उपाय खगोलशास्त्रज्ञांचाच घेतला. त्यांचा ज्युलियन दिनांक म्हणजे इ.स.पू. ४७१३ पासून सलग मोजलेले दिवस. मीही जगाच्या पहिल्या दिवसापासून सलग क्रमांक दिले. क्रमांकाला ४० ने भागायचं, बाकी म्हणजे चंद्राचं वय, म्हणजे अमावास्येपासून किती दिवस झाले ते. हे पहिल्याच दिवशी करा, नंतर फार निस्तरावं लागतं. आणि जग कुठलंही असो, कोवळी कोर मध्यरात्री उगवत नाही. ती सूर्यामागोमाग मावळते. मी तीही चूक केली होती.

महिन्यांच्या नावांबद्दल थोडक्यात: संस्कृत जोडशब्द कुणाच्याच लक्षात राहिले नाहीत. ‘ओल’, ‘दव’, ‘वणवा’ अशी नावं दिली आणि ती एका बैठकीत रुळली.

बिनवाराच्या दिवसाने मला अपेक्षेपेक्षा कितीतरी जास्त दिलं. त्या दिवसाचं व्याज धरायचं की नाही, असं एका खेळाडूने सहज विचारलं. त्यावरून दोन नगरांचा तंटा उभा राहिला आणि आम्ही चार बैठका तेवढंच खेळलो.

खरी परीक्षा भाषेने घेतली. ‘आठवडा’ म्हटलं की त्यात आठ दडलेले; आम्ही ‘सहावडा’ म्हणू लागलो आणि आता तेच तोंडात बसलंय. ‘पंधरवडा’ बाद झाला. ‘बारमाही नदी’ लिहून पुढे गेलो आणि दोन पानांनी थबकलो, कारण तिथे वर्षाला बारा महिनेच नाहीत. वयाचा फरक तसा किरकोळ, तिथला २८ वर्षांचा माणूस आपल्या हिशेबाने २९ चा. पण एका आईच्या तोंडी मी सवयीने घातलं होतं, ‘नऊ महिने नऊ दिवस पोटात वाढवलं तुला.’ त्या जगात नऊ महिने म्हणजे आख्खं वर्ष! गर्भारपण साधारण २८० दिवसांचं धरलं तर तिथे होतात सहा महिने २८ दिवस. ‘सात महिने’ करून पाहिलं, तर मराठी कानाला अपुऱ्या दिवसांचं मूल ऐकू येतं. ते वाक्य आठवडाभर तसंच पडून होतं.

मग चंद्राच्या तक्त्याकडे पाहिलं. सात फेऱ्या म्हणजे बरोबर २८० दिवस. आता ती आई म्हणते, ‘सात पौर्णिमा पोटात वाढवलं तुला.’ तेव्हापासून त्या जगातल्या बाया, कोळी आणि मेंढपाळ पौर्णिमांनीच मोजतात. ४२ दिवसांचा महिना फक्त दरबारी कागदांवर उरलाय, आणि पुढच्या मसुद्यात मी तक्त्याचे दोन रकाने वेगळे करतोय.