निःश्वास डोहाचा नकाशा: पैसे देण्याआधी काय तपासायचं

सोलापुरात स्वतःचं काल्पनिक जग रचून पटावरचे खेळ तयार करणाऱ्या सगळ्यांसाठी हे लिहितो आहोत. ऑनलाइन गाठ पडलेल्या एका चित्रकाराने आमच्या गटाकडून खेळातल्या निःश्वास डोह नावाच्या काल्पनिक तळ्याच्या नकाशाचे १२ हजार रुपये आगाऊ घेतले. हाती आलं ते दुसऱ्याच कुणाचं चित्र, आरशातल्यासारखं पालटलेलं आणि वर घाईने ओढलेल्या चार रेषा. पुढे फोन बंद. हीच पद्धत उद्या तुमच्यावर चालेल, म्हणून ती कशी पकडायची ते नीट सांगतो.

आधी डोहाबद्दल, कारण त्याशिवाय हा नकाशा का महत्त्वाचा ते कळणार नाही. खेळातलं हे सगळ्यात घातक ठिकाण आहे. विझलेल्या ज्वालामुखीच्या मुखात साचलेलं खोल, निवांत दिसणारं तळं. तळाच्या पाण्यात वायू मुरत राहतो आणि दरड कोसळली की एकदम उसळतो. याला खरा आधार आहे. कॅमेरूनमधल्या न्योस तळ्यातून २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री असाच कार्बन डायऑक्साइड बाहेर पडला आणि सुमारे १,७०० माणसं गुदमरून गेली. हा वायू हवेपेक्षा दीडपट जड. तो वर न जाता उताराने खाली सरकतो आणि खोलगट भागात साचून राहतो.

म्हणून आमच्या खेळात समोच्च रेषा, म्हणजे सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या रेषा, हाच नियम आहे. फासे पडतील तशी दरीतली वायूची पातळी चढते, दर पायरीला २० मीटर. त्या उंचीच्या खाली असलेली सोंगटी श्वास गमावते. एक रेषा चुकीची पडली तर वाचायला हवा तो गाव मरतो आणि मरायला हवा तो वाचतो. नुसत्या शोभेच्या चित्रात हे खपून गेलं असतं, इथे अख्खा डाव बिघडतो.

आता खुणा. सगळ्यात बोलकी खूण सावलीची. नकाशात डोंगरांना छाया देताना उजेड वरच्या डाव्या कोपऱ्यातून येतो असं धरायची रीत आहे. उजेड खालून धरला तर डोळ्याला डोंगराच्या जागी खड्डा दिसतो. आम्हाला मिळालेल्या फाइलमध्ये डोंगरांच्या सावल्या डावीकडे पडल्या होत्या आणि वरून चिकटवलेल्या दिशाचक्राची सावली उजवीकडे. एका कागदावर दोन सूर्य. अशी विसंगती दिसली की चित्र आडवं पालटा आणि मग चित्रावरून चित्र शोधणाऱ्या गूगल लेन्समध्ये टाका. पालटलेलं चित्र तसंच शोधलं तर बऱ्याचदा काहीच सापडत नाही आणि फसवणारा नेमका त्यावरच विसंबून असतो. आमचं मूळ चित्र असंच सापडलं. फाइलच्या खालच्या कोपऱ्यात गवताचा एकच पुंजका तीनदा उमटला होता. मूळ चित्रात त्याच जागी चित्रकाराची सही आहे.

दुसरी तपासणी रेषांची आणि पाण्याची. समोच्च रेषा एकमेकींना छेदत नाहीत. त्या मध्येच तुटत नाहीत, एकतर स्वतःवर येऊन मिळतात किंवा कागदाच्या कडेपर्यंत जातात. ओढा ओलांडताना त्यांचं टोक उगमाकडे वळतं, उताराकडे नव्हे. आमच्याकडे आलेल्या नकाशात १४० आणि १६० मीटरच्या रेषा पूर्वेच्या उतारावर एकमेकींवरून गेल्या होत्या आणि ओढ्यावरची सगळी टोकं उलटी होती. डोहातून दोन नद्या दोन दिशांना निघत होत्या. तळं भरलं की काठाच्या सर्वांत खोल खिंडीतून पाणी बाहेर पडतं आणि तीच वाट कोरत जातं, त्यामुळे एकच मुख टिकतं. नद्या खाली जाताना एकमेकींना मिळतात, फुटतात त्या सहसा मुखाजवळच्या त्रिभुज प्रदेशात. ज्याने डोकं लावून भूभाग रचला आहे त्याच्या हातून हे सगळं एकाच कागदावर चुकत नाही.

तिसरी गोष्ट आकाराची. पट ३६ बाय २४ इंचांचा, १५० डीपीआयवर (दर इंचाला १५० ठिपके) छापायचा तर ५४०० बाय ३६०० पिक्सेल लागतात. त्यात ०.३ मिलिमीटरची रेषा जेमतेम दोन पिक्सेलची होते. व्हॉट्सअॅपवर साधा फोटो म्हणून आलेली १६०० पिक्सेलची प्रत याच आकाराला ताणली की ४४ डीपीआय उरतात आणि रेषा विरघळून जातात. सॉफ्टवेअरने फुगवलेल्या फाइलचे आकडे बरोबर दिसतात, पण शंभर टक्क्यांवर पाहिलं की रेषांना दुहेरी कडा येते. सगळ्यात गच्च भागाचा ए४ कागदाएवढा तुकडा खऱ्या मापात छापून बघा. खर्च नगण्य. कापडावर पट करणार असाल तर पॉलिस्टर घ्या. सब्लिमेशनची, म्हणजे उष्णतेने कापडात उतरवायची शाई सुती कापडावर धरत नाही, त्यामुळे आपल्याकडच्या सुती चादरीवर किंवा टॉवेलवर हा प्रयोग नको.

या सगळ्यापेक्षा खात्रीचा उपाय म्हणजे बदल मागणे. तयार जेपीजी दाखवणं कुणालाही जमतं. कच्च्या रेखाटनावरच सांगा, की पश्चिमेची खिंड थोडी दक्षिणेला सरकवा आणि १२० ची रेषा त्याप्रमाणे वळवा. खरा चित्रकार कुरकुर करेल, पण करून देईल. चोरीचं चित्र घेऊन बसलेला माणूस कारणं सांगतो किंवा पैसे वाढवून मागतो. पैसे टप्प्याटप्प्याने द्या. पेन्सिलच्या कच्च्या चित्रावर थोडे, समोच्च रेषा मंजूर झाल्यावर थोडे आणि उरलेले पैसे लेयर, म्हणजे एकावर एक ठेवलेले चित्राचे थर, वेगळे असलेली मूळ फाइल हाती आल्यावरच. डोंगर, पाणी, रेषा आणि अक्षरं वेगवेगळ्या लेयरवर हवीत. सगळं एकाच लेयरवर असेल तर पुढचा हप्ता थांबवा.

हक्काचंही लेखी घ्या. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम १९ नुसार हक्क देणाऱ्याची सही असलेला लेखी करार लागतो. त्यात मुदत लिहिली नाही तर ती ५ वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. खेळ परदेशात विकायचा असेल तर हे दोन्ही शब्दांत लिहून घ्या. चोरीचं चित्र छापून खेळ बाजारात आणला तर मूळ चित्रकार तुमच्याकडेच जाब मागेल, म्हणून शंका असताना छपाईला फाइल देऊ नका.

पैसे गेलेच असतील तर वेळ न घालवता १९३० या सायबर फसवणुकीच्या मदत क्रमांकाला फोन करा. जितक्या लवकर कळवाल तितकी रक्कम पुढच्या खात्यात गोठवली जाण्याची शक्यता जास्त. तक्रार राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही नोंदवता येते. यूपीआय व्यवहाराचा यूटीआर क्रमांक (त्या व्यवहाराचा ओळख क्रमांक), समोरच्याचा यूपीआय आयडी, पूर्ण चॅट आणि मूळ चित्राची लिंक जवळ ठेवा. चॅट एक्स्पोर्ट करून घ्या, नुसते स्क्रीनशॉट ठेवू नका, कारण त्यात मधले निरोप गळतात. तक्रार क्रमांक मिळाला की आपल्या बँकेच्या शाखेत लेखी अर्जासोबत तो द्या आणि पोच घ्या. ज्याचं चित्र चोरलं गेलं त्या चित्रकारालाही सगळं कळवा, त्याच्या मूळ फाइलची तारीख तुमच्या तक्रारीत पुरावा म्हणून कामी येऊ शकते.