जीपीएस हरवलं की कोण बरं: मोबाइल टॉवर की वाय-फाय?

तळघरातल्या पार्किंगमध्ये उपग्रहांचे सिग्नल पोचतच नाहीत, आणि उंच इमारतींच्या मधे ते भिंतींवर आदळून उशिरा पोचतात. मग फोन जमिनीवरचा आधार शोधतो.

टॉवरचा हिशोब सोपा. आपण कोणत्या टॉवरच्या हद्दीत आहोत हे फोनला आधीच माहीत असतं, त्यामुळे जास्तीची बॅटरी जवळजवळ लागत नाही. पण शहरातही चूक काहीशे मीटरची, आणि टॉवर विरळ असतील तिथे काही किलोमीटरची. गाव कळेल, घर नाही.

वाय-फायचं गणित जास्त रंजक आहे. फोन आजूबाजूच्या राउटरांचे ओळखक्रमांक आणि सिग्नलची ताकद टिपतो आणि कोणता राउटर कुठे आहे याच्या गूगल किंवा अ‍ॅपलकडच्या साठ्याशी ताडून पाहतो. कुणाच्या नेटवर्कला जोडावं लागत नाही, पासवर्डही नको. राउटरचा पल्लाच छोटा, त्यामुळे दाट वस्तीत चूक साधारण वीस-तीस मीटरांवर येते. अँड्रॉइड ९ पासून (२०१८) सिग्नलच्या जाण्यायेण्याचा वेळ मोजायचीही सोय आहे. फोन आणि राउटर दोन्ही तयारीचे असतील तर एकदोन मीटरपर्यंत अचूकता मिळते. मात्र असे राउटर अजून कमीच. आणि हो, कुणी घर बदलून राउटर सोबत नेला, तर साठा सुधारेपर्यंत नकाशा जुन्याच पत्त्यावर बोट ठेवू शकतो!

शहरात माझं मत सरळ वाय-फायला. अँड्रॉइडच्या लोकेशन सेटिंगमध्ये ‘वाय-फाय स्कॅनिंग’ चालू ठेवा. वाय-फाय बंद असतानाही ते काम करतं. घाटात मात्र राउटरच नसतात, तिथे टॉवरवरच भागवावं लागतं.