निकालानंतरची तडजोड: कोणत्या कोर्टात काय पदरात पडतं

बांधावरून मारामारी, सात-आठ वर्षं चाललेली केस, शेवटी मॅजिस्ट्रेटने दिलेली एक वर्षाची शिक्षा. आणि निकालानंतर पंधरा दिवसांत भाऊबंदांत समेट. पाचशेच्या स्टँपवर तडजोडनामा लिहून, दोन्हीकडच्या सह्या घेऊन मंडळी वकिलाकडे येतात: "साहेब, आता शिक्षा रद्द करून टाका."

ज्याने शिक्षा दिली त्या मॅजिस्ट्रेटला आता काही करता येत नाही. निकालावर सही झाली की लिहिण्यातली चूक दुरुस्त करण्यापलीकडे त्याचे हात बांधलेले असतात. उरतात तीन वाटा. सेशन्स कोर्टात अपील करून गुन्हा आपसात मिटवायचा, हायकोर्टातून केसच रद्द करून घ्यायची, किंवा दोष कायम ठेवून फक्त शिक्षा कमी करून मागायची.

पहिली वाट स्वस्त आणि पक्की, पण ती कलम बघून मिळते. कोणते गुन्हे मिटवता येतात याची यादी जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३२० मध्ये होती. १ जुलै २०२४ पासून ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५९ मध्ये आहे. भांडणात बुक्क्यांनी हात मोडला तर भारतीय दंड संहितेचं जुनं ३२५, ते यादीत आहे. तोच हात कोयत्याने मोडला तर ३२६, ते यादीत नाही. फसवणुकीचं ४२० आहे, विवाहितेच्या छळाचं ४९८अ नाही. अपील चालू असताना अपिली कोर्टाने परवानगी दिली, तर परिणाम थेट निर्दोष सुटल्याचा. डाग उरत नाही. आधीच्या शिक्षेमुळे या वेळी वाढीव शिक्षा लागू होत असेल, तर मात्र ही वाट बंद.

इथे दोन ठिकाणी लोक हमखास फसतात. एक म्हणजे सही कोणाची. फिर्याद चुलत्याने दिली आणि मार पुतण्याला लागला, तर पुरसीसवर, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनावर, पुतण्याची सही हवी. दोघं जखमी असतील तर दोघांची. दुसरी चूक जास्त महाग पडते: "मिटलं ना, मग अपील कशाला" म्हणून अपील काढून घेणं. अपील गेलं की शिक्षा जशीच्या तशी उभी राहते आणि तडजोडनामा घरातल्या कपाटात. सेशन्समध्ये अपिलाची मुदत ३० दिवस आहे. बोलणी चालू असली तरी आधी अपील दाखल करा, शिक्षेला स्थगिती घ्या.

चेक बाउन्सचं प्रकरण वेगळं, आणि खरं तर सगळ्यात सोपं. कलम १३८ चा गुन्हा कुठल्याही टप्प्यावर मिटवता येतो, फक्त उशिराची किंमत मोजावी लागते. २०१० मध्ये सुप्रीम कोर्टाने दर ठरवले होते: सेशन्स किंवा हायकोर्टात मिटवलं तर चेकच्या रकमेच्या १५ टक्के, सुप्रीम कोर्टात २० टक्के. सप्टेंबर २०२५ मध्ये गोव्यातून गेलेल्या एका खटल्यात ते ७.५ आणि १० वर आणले. वकील अजून जुना आकडा सांगत असेल तर विचारा.

आता हायकोर्ट. यादीत नसलेल्या गुन्ह्यासाठी जुनं ४८२, नवं ५२८ कलम, म्हणजे कोर्टाचा अंगभूत अधिकार. सुप्रीम कोर्टाच्या २०१२ च्या ज्ञान सिंग निकालाने वाट रुंद केली: खासगी स्वरूपाचे, पैशाचे, नवराबायकोचे वाद मिटले असतील तर केस रद्द करता येते, खून, बलात्कार, दरोडा यांत नाही. पण तो अधिकार शिक्षा झाल्यानंतरही वापरायचा का? २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं, एकदा दोष सिद्ध झाला की नुसत्या तडजोडीवर सुटका नाही. २०२१ च्या जानेवारीत मुंबई हायकोर्टाच्या नागपूर इथल्या पूर्णपीठाचाही कल तोच: एरवी नाही, वैवाहिक वादासारख्या विरळ प्रकरणांत फार तर. त्याच वर्षी सप्टेंबरात सुप्रीम कोर्टाचा रामगोपाल निकाल आला. फरशी कुऱ्हाडीने करंगळी तुटल्याची, ३२६ ची केस, शिक्षा झालेली, आणि कोर्टाने तडजोडीवर ती रद्द केली. जखम किती गंभीर, समाजावर परिणाम काय, तडजोड मनापासूनची की दबावाची, आरोपीची आधीची आणि नंतरची वागणूक कशी, हे बघायचं असं कोर्टाने सांगितलं.

माझ्या मते शिक्षा झालेल्याने हायकोर्टाकडे हक्क म्हणून जाऊ नये. वर्षानुवर्षं शेजारी नांदणारी भावकी असेल, पुन्हा कुरबुर झालेली नसेल, तर ती वाट धरण्यासारखी आहे. खर्च मात्र अंगावर येतो. सातारा, सांगली, सोलापूरकरांना १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच असल्याने निदान मुंबईच्या फेऱ्या वाचल्या. आणि लहान मुलांवरचे अत्याचार वगैरे असेल तर विचारही नको: राजस्थानात एका शिक्षकाविरुद्धची अशी केस हायकोर्टाने तडजोडीवर रद्द केली होती, ती सुप्रीम कोर्टाने २०२४ मध्ये पुन्हा उभी केली.

तिसऱ्या वाटेला लोक कमी लेखतात. ३२६ सारख्या कलमात अपिली कोर्ट दोष कायम ठेवतं आणि तडजोड लक्षात घेऊन शिक्षा भोगलेल्या दिवसांवर आणतं. तुरुंग टळतो, डाग राहतो. साठीतल्या शेतकऱ्याला त्याने फारसा फरक पडत नाही. पोलीस भरतीच्या तयारीत असलेल्या पोराचं मात्र भविष्य त्यात अडकतं. दोष ३२६ सारख्या जन्मठेपेपर्यंत शिक्षा असलेल्या कलमात नसेल, तर त्याच्यासाठी वकिलाला प्रोबेशनचं, म्हणजे तुरुंगाऐवजी चांगल्या वागणुकीच्या हमीवर किंवा समज देऊन सोडण्याचं विचारा. अपराधी परिवीक्षा कायद्याखाली कलम ३ किंवा ४ प्रमाणे सोडलं, तर कलम १२ म्हणतं की दोषसिद्धीमुळे येणारी अपात्रता लागू होत नाही. भरतीचा फॉर्म भरताना शिक्षा लपवायची मुभा मात्र त्यातून मिळत नाही.

राहिला पैशाचा प्रश्न. ठरलेली सगळी रक्कम पंचांसमोर हातात देऊ नका. न्यायाधीश जखमीला समोर उभं करून विचारतात, "कोणाच्या दबावाखाली आलात का?" तिथे तो अडखळला तर रक्कम गेली आणि शिक्षाही राहिली. डीडी काढा, परवानगीच्या दिवशी कोर्टात द्या, आणि पावतीचा उल्लेख पुरसीसमध्ये घ्या.