कथेतला टाइमलाइनवाला एआय: फांद्या फोडणारा की एकच रेघ खोडून लिहिणारा?

बदलत्या टाइमलाइनचं मॉडेल बनवणारा एआय प्रोजेक्ट कथेत किंवा गेममध्ये आणताय ना, मग पहिलं पान लिहायच्या आधी एवढं ठरवा, भूतकाळात काही बदललं की जुनी टाइमलाइन बाजूला चालू राहते की पुसली जाते. हे अर्ध्यात बदलायला गेलं की सगळी कथा उसवते, मी केलंय ते.

फांद्यावाला प्रकार लिहायला सोपा. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटने १९५७ मध्ये क्वांटम मेकॅनिक्सचा जो अर्थ मांडला त्यात प्रत्येक शक्य निकाल आपापल्या शाखेत घडतोच, त्यामुळे वाचकाला ही कल्पना चटकन पटते. आणि एआय नक्की काय करतो तेही दाखवता येतं, कारण हवामानाचा अंदाज असाच काढतात, एकच मॉडेल जराजरा वेगळ्या सुरुवातीपासून अनेकदा पळवायचं आणि उत्तरं किती फाकतात ते बघायचं. हे का करावं लागतं? १९६१ मध्ये हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लॉरेन्झने आपल्या कॉम्प्युटर मॉडेलमध्ये ०.५०६१२७ च्या जागी नुसतं ०.५०६ टाकलं आणि थोड्याच वेळात मॉडेलमधलं हवामान पार वेगळं निघालं! हा प्रसंग तुमच्या एआयच्या ट्रेनिंगमध्ये नक्की वापरा.

पण फांद्या फार वेगाने वाढतात. नुसते २० हो-नाही निर्णय घेतले तरी १०,४८,५७६ वाटा होतात, म्हणजे एआयला छाटणी करावीच लागणार, आणि कुठली फांदी सोडायची हे कोण ठरवतं हाच खरा संघर्ष. दुसरी अडचण मला जास्त टोचते, समजा बहिणीने भावाला वाचवलं तरी जुन्या फांदीत तो मेलेलाच राहतो, मग वाचक विचारतो की नक्की वाचलं कोण.

एकच रेघ घेतलीत, म्हणजे जुनी टाइमलाइन पुसलीच जाते असं ठरवलंत, तर दुःखाला वजन येतं, पण एआयची मोठी पंचाईत होते आणि बरेच जण इथेच घसरतात. त्याचा डेटा, लॉग, शिकलेलं सगळं त्याच टाइमलाइनमध्ये आहे ना, मग भूतकाळ बदलला की तेही बदलणार आणि तो ठामपणे सांगणार की आधीपासून असंच होतं, म्हणजे बदल ओळखायला बनवलेल्या मशीनलाच बदल दिसणार नाही! यावर एक उपाय म्हणजे काळाच्या बाहेर ठेवलेली तिजोरी, पण तिची जागा अगदी थोडी ठेवा म्हणजे काय जपायचं आणि काय जाऊ द्यायचं हे निवडावं लागेल. मला त्याहून आवडतो तो दुसरा नियम, बदल एका झटक्यात येत नाही, ओल पसरावी तसा पसरतो, त्यामुळे लांब लांब ठेवलेल्या डेटाच्या दोन प्रती काही तास जुळत नाहीत आणि एआयला तेवढाच वेळ मिळतो. हा नियम पूर्ण काल्पनिक आहे, पण एकदा सांगितला की शेवटपर्यंत पाळा.

तिसरा प्रकार भौतिकशास्त्रज्ञ इगोर नोविकोव्हचा, तुम्ही मागे जाऊन जे कराल ते आधीच घडलेलं असतं. शोकांतिकेला छान, पण टाइमलाइन बदलतच नाही म्हणून आपल्या कामाचा नाही.

कुठलाही घेतलात तरी एआयला नुसते पॅटर्न शोधायला लावू नका. छत्र्या दिसल्या की पाऊस असतो हे डेटा सांगेल, पण छत्र्या मिटवल्या म्हणून पाऊस थांबत नाही. कारण आणि परिणाम यांचं गणित मांडणाऱ्या संगणकशास्त्रज्ञ ज्युडिआ पर्लची पद्धत इथे उपयोगी पडते, जे घडलं त्यावरून लपलेली परिस्थिती ओळखायची, मग एकच गोष्ट बदलायची आणि पुढचं परत चालवून बघायचं.

गेम करताय तर फांद्या घ्या, खेळणाऱ्याला मागे येऊन दुसरी वाट धरायची असते. कोणाला तरी गमावण्याची गोष्ट सांगायची असेल तर मी डोळे झाकून एकच रेघ घेईन. आणि ती घेतलीत तर प्रत्येक प्रसंगापुढे लिहून ठेवा, आत्ता हे कोणाला आठवतंय आणि एआयकडे त्याची कुठली प्रत उरलीय.