इन्सुलिन: शरीरातलं आणि टाकीतलं

संश्लेषण म्हणजे छोटे तुकडे जोडून मोठा रेणू बांधणं. आपल्या स्वादुपिंडातल्या बीटा पेशी आधी अमिनो आम्लांची (प्रथिनं ज्या छोट्या तुकड्यांची बनतात त्यांची) एकच लांब साखळी बनवतात, तिची घडी पडते, मधला सी-पेप्टाइड नावाचा तुकडा कापला जातो आणि उरतं ते 51 अमिनो आम्लांचं इन्सुलिन, जेवलो की आपोआप सुटतं. टाकीतलं, म्हणजे कारखान्यात टाकीत बॅक्टेरिया वाढवून बनवलेलं, वेगळं, 1978 ला ई. कोलाय बॅक्टेरियात लॅबमध्ये बनवलेलं जीन टाकून दोन साखळ्या वेगवेगळ्या बनवल्या नि मग जोडल्या, 1982 ला अमेरिकेत मान्यता मिळाली. त्याआधी डुकरं-गायींच्या स्वादुपिंडातून काढायचे!

रेणू तोच, पण किती आणि कधी हे टाकीतल्याला कळत नाही, ते आई रोज सिरिंजवरच्या रेघा मोजून ठरवते. तरी फ्रिजच्या दारातली ती छोटी बाटली बघून मला ह्या टाकीतल्याचंच जास्त कौतुक वाटतं.